'यात युद्ध कुठे आहे?' असं मेंटर विचारतात, काय उत्तर देऊ?

पत्र (थोडं कमी करून छापतेय):

'ताई, मी २८ वर्षांचा आहे, डॉक्युमेंट्री करतो. गेलं दीड वर्ष एका संघर्ष चालू असलेल्या भागात जाऊन-येऊन पाच तरुण मुलामुलींबरोबर शूट करतोय, सगळे १७ ते २१ मधले. जागेचं नाव प्लीज छापू नका. १३० तासांचं फुटेज झालंय, आणि त्यात बहुतेक वेळ ही पोरं लाइट यायची वाट बघतायत, अभ्यास करतायत, एकमेकांची खेचतायत नाहीतर नुसती बसलीयत. चाळीस मिनिटांचा रफ कट (कच्चं एडिट) मेंटरना दाखवला तर म्हणाले, यात युद्ध कुठे आहे, हे तर कुठेही घडेल, पडक्या इमारती टाक, कुणी रडताना मिळालंय का बघ. दुसरं, पाचातली एक व्यक्ती आता म्हणतेय की मला फिल्ममधून काढ. संमतीचा सही केलेला फॉर्म आहे माझ्याकडे, आणि तिला काढलं तर फिल्म उभी राहत नाही. आणि तिसरं म्हणजे तिथून परत आलो की मला झोप लागत नाही. काय करू?'

हे बघ, तू रफ कट आणि फुटेजच्या फोल्डरची लिंक पाठवलीस म्हणून मी रफ कट आधी पूर्ण बघितला, रात्री एकदा आणि सकाळी परत, आणि मगच लिहायला बसलेय. मी वीस वर्षं एडिट टेबलवर काढलीयत त्यामुळे सल्ला थोडा त्या बाजूने येईल. खाली ज्या दोघांबद्दल लिहिलंय त्यांना तू विचारून घेतलंस आणि काही तपशील मी बदललेत. ज्या व्यक्तीने काढ म्हटलंय तिच्या एकाही सीनबद्दल मी इथे अक्षर लिहिणार नाहीये, का ते पुढे येईलच.

आधी मेंटरचं. माझं स्पष्ट मत आहे की ते चुकतायत, पण त्यांचा प्रश्न टाकून देण्यासारखा नाहीये. 'हे कुठेही घडेल' असं त्यांना वाटलं याचा अर्थ तुझ्या फुटेजमध्ये युद्ध नाहीये असा नाही, तर तू ते ज्या क्रमाने लावलंयस त्यात ते ऐकू येत नाहीये एवढाच आहे. तुझ्याकडे तो केस सरळ करणाऱ्या मुलीचा सीन आहे बघ. लाइट येते, घरातली सगळी माणसं एकदम उठतात, कुणी मोबाइल चार्जिंगला लावतं कुणी पाण्याची मोटर चालू करतं, आणि ती स्ट्रेटनर घेऊन आरशासमोर धावते, निम्मे केस होतात आणि लाइट जाते, मग ती एक सेकंद नुसती आरशात बघते, चिडत पण नाही, उरलेले केस वर बांधते आणि क्लासला निघून जाते. हा सीन कुठेही घडणार नाही. लाइट कुठेही जाते हे खरं, पण एक अख्खं घर असं एका झटक्यात उठतं आणि कुणीच कुणाला काही बोलत नाही, एकमेकांना धडकत पण नाहीत, ही सवय लागायला काही वर्षं जावी लागतात आणि ती वर्षं तिथे स्क्रीनवर दिसतायत. फक्त तू हा सीन एकदाच वापरलायस, मधेच, एका इंटरव्ह्यूवर चिकटवायला म्हणून, आणि तिथे तो वाया गेलाय.

रोजच्या जगण्याची फिल्म पुन्हा पुन्हा दाखवण्यावर चालते. प्रेक्षकाला आधी त्या घराची सवय लागू दे, लाइट आली की काय होतं हे त्याला पाठ होऊ दे, दोनदा दाखव, तिसऱ्यांदा दाखव. म्हणजे ज्या दिवशी लाइट येते आणि घरातलं कुणीच उठत नाही, (तुझ्याकडे हा शॉट आहे, अकराव्या फोल्डरमध्ये, सगळे फोनवरच्या बातमीभोवती बसलेत आणि मागे बल्ब पेटतो) त्या दिवशी प्रेक्षकाच्या पोटात खड्डा पडेल, एकही पडकी इमारत न दाखवता. हे पहिल्या पाच मिनिटांत टाकलंस तर कुणाला कळणार पण नाही की काय झालं. चाळिसाव्या मिनिटाला टाकलंस तर कुणाला समजावून सांगावं लागणार नाही.

आणि आवाज! तू सगळीकडे म्युझिक लावलंयस ते आधी काढ. कुठल्याही संघर्षाच्या जागी माणसं कानाने जगतात, कुठला आवाज जवळचा कुठला लांबचा, जनरेटरची घरघर की वर काही फिरतंय, हे त्यांना बघायला लागत नाही. पूर्व युक्रेनमध्ये फ्रंटलाइनजवळच्या एका गावात आजीबरोबर राहणाऱ्या दहा वर्षांच्या मुलावर सायमन लेरेंग विल्मॉन्टने २०१७ मध्ये फिल्म केली, त्यात पोरं पोहतात, भटकतात, एकमेकांसमोर शायनिंग मारतात आणि युद्ध बऱ्याचदा लांबून फक्त ऐकू येतं. फिल्मच्या नावातच लांबून येणारं कुत्र्यांचं भुंकणं आहे. तेवढ्यावर ती फिल्म जगभर चालली, त्यामुळे 'असं चालत नाही' हे मेंटरनी सांगितलं तर त्यांना एवढं एक उदाहरण दे.

दुसरं उदाहरण फिल्मचं नाहीये पण मला ते जास्त जवळचं वाटतं. बोस्नियाची राजधानी सारायेव्होला वेढा पडला होता एप्रिल १९९२ ते फेब्रुवारी १९९६, १४२५ दिवस. त्या वेढ्यात लहानाचा मोठा झालेल्या यास्मिन्को हलिलोविच नावाच्या तरुणाने २०१० मध्ये इंटरनेटवर एक साधा प्रश्न टाकला की तुमच्यासाठी युद्धातलं बालपण म्हणजे काय होतं, आणि उत्तर द्यायचं फक्त १६० अक्षरांत. हजाराहून जास्त लोकांनी उत्तरं दिली, त्याचं २०१३ मध्ये पुस्तक झालं आणि २०१७ मध्ये सारायेव्होत वॉर चाइल्डहुड म्युझियम उघडलं. तिथे रणगाडा बघायला मिळत नाही. तिथे खेळणी आहेत, डायऱ्या आहेत, बॅलेचे बूट आहेत, आणि प्रत्येक वस्तूशेजारी ज्याची ती वस्तू त्याने स्वतः लिहिलेल्या चार ओळी. म्हणजे ज्यांनी ते भोगलं त्यांनाच विचारलं की काय जपून ठेवायचं, तर त्यांनी हे निवडलं. तुझ्या पाच जणांना पण विचारून बघ ना, या दीड वर्षातलं एक काय ठेवशील, आणि उत्तर मिळेल तेवढाच वेळ कॅमेरा चालू ठेव.

मेंटरना पडक्या इमारती आणि रडणं का हवंय याचा पण विचार कर. संघर्षातल्या तरुणांसाठी बाहेरच्या जगाकडे दोनच खोकी असतात, एक बंदूक हातात घेतलेला आणि दुसरा रडणारा. संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेला सुद्धा तरुण, शांतता आणि सुरक्षा यांवर पहिला वेगळा ठराव करायला डिसेंबर २०१५ उजाडलं, ठराव क्रमांक २२५०, त्यात १८ ते २९ वयाच्या लोकांकडे धोका किंवा बळी म्हणून न बघता शांततेच्या कामातले भागीदार म्हणून बघा असं म्हटलं गेलं. तुझी पोरं या दोन्ही खोक्यांत बसत नाहीत आणि म्हणूनच तुझी फिल्म व्हायला हवी.

पण एक तिसरं खोकं पण आहे आणि त्यात तू स्वतः थोडा घसरलायस असं मला दिसलं. 'एवढं सगळं चालू असून बघा पोरं कशी हसतायत.' शेवटचं ते नाचाचं मोन्ताज, स्लो मोशनमध्ये, ते मला अजिबात आवडलं नाही. हसतात कारण ती विशीतली आहेत, हसणारच, त्याचं कौतुक करायला लागलो की जे त्यांच्यावर लादलंय ते सोसणं म्हणजे त्यांचा गुण ठरतो आणि लादणारे अलगद सुटतात. खरं तर तुझ्या फुटेजमधली सगळ्यात मोठी गोष्ट कंटाळा आहे. काश्मीरमध्ये ऑगस्ट २०१९ मध्ये इंटरनेट बंद झालं आणि फोर-जी सगळीकडे परत यायला फेब्रुवारी २०२१ उजाडलं, दीड वर्ष. कागदावर ही एक ओळ आहे, पण ज्याचं वय तेव्हा १८ होतं त्याच्यासाठी ते कॉलेजचे फॉर्म, ऑनलाइन क्लास, मित्र, प्रेमप्रकरण, सगळं त्या दीड वर्षात अडकलं आणि वय काही थांबलं नाही. तुझ्याकडे पण असं वाया गेलेलं वय आहे, खाटेवर उताणं पडून छताकडे बघणारं, दाखव ते. प्रेक्षकाला जरा कंटाळू दे. आणि हो, रोजचं जगणं दाखवतोय म्हणून राजकारणाला हात लावायचा नाही असंही करू नकोस, कोण कुणाशी लढतंय आणि कधीपासून हे सुरुवातीला दोन साध्या वाक्यांत लिही, नाहीतर या पोरांचे हाल पावसासारखे वाटतात, कुणीच न केलेले.

आता दुसरा प्रश्न, आणि मला यावर जास्त बोलायचंय.

काढ. म्हणजे काढच. तिने कारण दिलं असेल तरी आणि नसेल दिलं तरी.

फॉर्मचं मला सांगू नकोस, तो फॉर्म चॅनेलच्या वकिलासाठी असतो, त्याने तुझं रक्षण होतं, तिचं नाही. दीड वर्षापूर्वी जेव्हा सही झाली तेव्हा परिस्थिती काय होती आणि आज काय आहे हे तू स्वतःच पत्रात लिहिलंयस. संमती ही एकदा घेऊन ड्रॉवरमध्ये ठेवायची वस्तू नाही. ऑगस्ट २०२१ मध्ये काबूल तालिबानच्या हातात गेलं त्या दिवसांत कितीतरी लोक स्वतःचे फोटो, पोस्ट, अकाउंट डिलीट करत बसले होते, आदल्या महिन्यापर्यंत ज्याचा अभिमान होता तेच पुरावा होऊन बसलं. म्हणून किमान तीनदा विचारायचं: शूटच्या आधी, रफ कट दाखवून, आणि रिलीजच्या अगदी तोंडावर, आणि फेस्टिव्हलमध्ये दाखवणं वेगळं आणि ऑनलाइन टाकणं वेगळं, दोन्हीला स्वतंत्र हो हवा. जो शूट सुरू झालं तेव्हा १७ चा होता त्याची सही घरच्यांनी केली होती ना? १९८९ च्या बालहक्क करारात १८ च्या आतलं प्रत्येक जण मूल धरलंय आणि त्याचंही मत ऐकलं गेलं पाहिजे असं कलम १२ म्हणतं, म्हणजे तेव्हा पण त्याला विचारायला हवंच होतं, आता तर तो सज्ञान झालाय, आता वडिलांना नाही, त्याला विचार, नव्याने, आणि नाही म्हणायला जागा ठेवून.

मी तुला हे इतकं ठासून का सांगतेय तर माझ्या हातून झालेलं आहे. खूप वर्षांपूर्वी अशाच एका भागातली फिल्म मी एडिट केली, त्यात एक कॉलेजचा मुलगा होता, चेहरा ब्लर केला, नाव बदललं, आम्हाला वाटलं झालं काम. पण मला त्याच्या खिडकीचा शॉट फार आवडला होता. संध्याकाळची वेळ, समोरच्या गच्चीवर एक वाकडी पाण्याची टाकी आणि त्यावर बसलेली कबुतरं, मी तो शॉट आठ सेकंद ठेवला. फिल्म दाखवली गेली आणि त्याच्या मोहल्ल्यात ज्याने बघितली त्याला त्या टाकीवरून कळलं की ही खिडकी कुणाच्या घराची. त्या मुलाला काही महिने घर सोडून नातेवाइकांकडे राहावं लागलं. तो मला कधी काही बोलला नाही. पण ते आठ सेकंद मी ठेवले होते, कॅमेरामनने नाही, डायरेक्टरने नाही.

आणि इथेच तुझ्या फिल्मची खरी अडचण आहे, म्हणजे रोजचं जगणं दाखवायचं म्हटलं की नेमक्या ओळख पटवणाऱ्या गोष्टीच दाखवाव्या लागतात. स्फोटाच्या धुरात कोण कुठला ते कळत नाही. पण खिडकी, जिना, क्लासची बॅग, चालायची ढब, हसण्याचा आवाज, बसस्टॉपवरची ठरलेली वेळ, हे सगळं त्या माणसाचंच असतं. आज मागची टेकडी आणि दोन इमारतींच्या कडा जुळवून जागा शोधून काढणारे लोक आहेत, काही चांगल्या कामासाठी करतात, सगळेच नाही. त्यामुळे नुसत्या ब्लरवर अवलंबून राहू नकोस. ज्यांना राहायचंय पण ओळख नकोय त्यांच्यासाठी रस्ते आहेत, डेव्हिड फ्रान्सने रशियातल्या चेचन्यावरच्या २०२० च्या फिल्ममध्ये ओळख लपवायची होती त्या माणसांच्या चेहऱ्यांवर स्वयंसेवकांचे चेहरे डिजिटली बसवले, एका अफगाण निर्वासिताची गोष्ट सांगणारी २०२१ ची 'फ्ली' तर बरीचशी ॲनिमेशनमध्येच केली आणि त्याचं नाव पण बदललं. पण हे पर्याय तुझ्या त्या व्यक्तीसमोर एकदाच ठेव, साध्या शब्दांत, आणि गप्प बस. तिने परत नाही म्हटलं तर घासाघीस करायची नाही. 'तुझ्याशिवाय फिल्म उभी राहत नाही' हे वाक्य तिच्यासमोर चुकूनसुद्धा काढू नकोस, तो तिच्या डोक्यावर ठेवलेला दगड होईल.

काढणं म्हणजे तिचा चेहरा काढणं एवढंच नाही. दुसऱ्यांच्या सीनमध्ये मागून येणारा तिचा आवाज, इतरांनी घेतलेलं तिचं नाव, ग्रुप फोटो, ट्रेलर, फंडिंगसाठी पाठवलेला तो तीन मिनिटांचा कट, पोस्टरचा ड्राफ्ट, सगळं. ज्यांना ज्यांना लिंक पाठवलीस त्या बंद कर (माझी पण, मी डाउनलोड केलेली फाइल डिलीट केलीय). आणि फिल्मच्या शेवटी 'एका व्यक्तीने सुरक्षेसाठी माघार घेतली' अशी पाटी टाकावीशी वाटेल, टाकू नकोस. तू दीड वर्ष तिथे कॅमेरा घेऊन फिरतोयस, तुझ्याबरोबर कोण कोण असायचं ते तिथल्या लोकांना माहीत आहे, पाचातून चार वजा केले की उत्तर येतं. मूळ फुटेजचं काय करायचं ते पण तिलाच विचार, पुसायचं म्हणाली तर पूस, बॅकअपसकट. बाकीच्यांचं फुटेज एन्क्रिप्ट केलेल्या डिस्कवर ठेव, आणि मोबाइलवर शूट केलेल्या क्लिपमध्ये लोकेशन साठवलेलं असतं ते बाहेर कुणाला देण्याआधी उडव.

उरलेल्या चौघांच्या प्रत्येक सीनला एक परीक्षा लाव. त्यातले पंधरा सेकंद कुणीतरी कापून, वर भलतंच कॅप्शन टाकून फॉरवर्ड केले असं समज. एकदा या बाजूने, एकदा त्या बाजूने. ज्या सीनचं उत्तर ऐकून तुला धस्स होईल तो सीन त्या मुलाबरोबर बसून बघ, एकटा ठरवू नकोस. वेळ लागेल, डेडलाइन पुढे जाईल, जाऊ दे.

फिल्म तिच्याशिवाय उभी राहते का? राहते. मी तुझी सीनची यादी घेऊन तिचे सगळे खोडून बघितले, चाळीस मिनिटांतली बावीस उरतात, आणि अकराव्या आणि सोळाव्या फोल्डरमधलं न वापरलेलं बरंच चांगलं आहे, केस सरळ करणारीचा धाकटा भाऊ तर तू जवळजवळ वापरलाच नाहीयेस. अर्थात त्याला आणि घरच्यांना नीट विचारून.

झोपेचं. हे हलक्यात घेऊ नकोस, आपल्या धंद्यात हे फार जणांना होतं आणि कुणी बोलत नाही. रात्री रशेस (न कापलेलं मूळ फुटेज) बघणं आजपासून बंद. जे फुटेज त्रास देतं ते लॉग करताना, म्हणजे बघून नोंदी करताना, आवाज बंद ठेव आणि स्क्रीनवरची खिडकी लहान कर, आधी आवाजच आत शिरतो, आणि पूर्ण आवाजात फक्त गरज असेल तेव्हा एकदाच ऐक. पत्रकार आणि ट्रॉमा यावर काम करणाऱ्या डार्ट सेंटरने मुलांशी कसं बोलावं आणि स्वतःला कसं सांभाळावं यावर लिहिलंय, ते वाच. दोन-तीन आठवड्यांत फरक नाही पडला तर समुपदेशकाकडे जा, नक्की जा. आणि 'ती पोरं तिथे, मी इथे' ही टोचणी लागते, याला माझ्याकडे औषध नाही. एवढंच सांगते की त्यांना खोटी आशा देऊ नकोस, फिल्म आली की काहीतरी बदलेल वगैरे, आणि पुढच्या वेळी दोन दिवस कॅमेरा बॅगेतच ठेवून जा. त्यांना पण कळू दे की तू नुसता शूट करायला येत नाहीस.

एक राहिलंच. तो दुसरा मुलगा, मोबाइलवर गेम खेळत असतो, लांब कुठेतरी धप्प आवाज होतो, तो गेम पॉज करतो आणि हलक्या आवाजात मोजायला लागतो, दुसरा आवाज येतोय का बघायला, आणि नाही आला की परत खेळायला लागतो. रशेसमध्ये तो अकरापर्यंत मोजतो. रफ कटमध्ये तू चारवर कापलंयस, मेंटर म्हणाले असतील लांबतंय. अकरापर्यंत मोजू दे त्याला.